माती बंद

शिमोनराव पंचांनी चष्मा पुसला, परत घातला आणि कागद डोळ्यांपासून लांब धरून वाचायला सुरुवात केली.

“योना गमालीएल रणनवरे, शाळामास्तर, वरची आळी. दावजी केरू उजागरे, भजनी, खालची आळी. या दोघांनी पत्रक छापून मंडळीच्या पाळकांची व पंचांची निंदा केली आणि प्रभूच्या मेजाचा अपमान केला. सबब आजपासून दोघांना सलाम बंद, मेज बंद, माती बंद.”

मी देवळात पुरुषांच्या बाजूला दुसऱ्या बाकावर होतो. शेजारी बसलेले दानीएलकाका हळूच सरकले, आणि आमच्या मध्ये एका माणसाची जागा मोकळी झाली.

बोरकिन्हीच्या आमच्या मंडळीत या तीन शब्दांचा अर्थ पोराटोरांनाही ठाऊक होता. सलाम बंद म्हणजे त्या माणसाशी कुणी बोलायचं नाही. मेज बंद म्हणजे प्रभुभोजनाची भाकर आणि द्राक्षरस त्याला द्यायचा नाही. आणि माती बंद म्हणजे मेल्यावर देवळामागच्या आवारात जागा नाही, मूठभर माती टाकायलाही मंडळीतलं कुणी यायचं नाही. पहिल्या दोन बंद्या माणसं कशीबशी काढत. तिसरीला सगळे भीत.

दावजीबुवा खाली सतरंजीवर बसले होते. ते गुडघ्यावर हात टेकून उठले.

“पंच, एक इचारू का?”

“सलाम बंद झालाय, बुवा.”

“आत्ता झालाय. एवढं एक घ्या उधारीवर. ही बंदी मला का माझ्या घराला?”

“घराला.”

“माझ्या घरात कोण हाय? एकटी सारू. तिला तर अक्षर येत न्हाई. तिनं कशी हो छापून निंदा केली?”

“बंदी उंबऱ्याला लागते, बुवा. माणूस बघून लागत नाही.”

“मग मास्तरांच्या आईलाबी लागली?”

शिमोनरावांनी पाळकांकडे पाहिलं. आढाव पाळक वेदीपाशी उभे होते. आवाज मऊ, हात नेहमी एकमेकांत गुंतवलेले. ते म्हणाले, “मार्थाबाई विधवा आहेत. त्यांचा विचार वेगळा केलाय. त्यांनी मुलाशी बंदी पाळली म्हणजे झालं.”

“आस्सं,” दावजीबुवा म्हणाले. “म्हंजे उंबरे दोन जातीचे असत्यात.”

सतरंजीवर कुणीतरी हसू दाबलं. मी मान खाली घातली होती. बोलायला हवं होतं ते सगळं दावजीबुवाच बोलत होते, आणि पत्रकावर पहिलं नाव माझं होतं.

पत्रक तसं एका पानाचंच. आमच्या देवळात प्रभुभोजनाचे दोन प्याले होते. वरच्या आळीतली घरं माझ्या आजोबांच्या वेळी ख्रिस्ती झाली. खालच्या आळीतली पुष्कळ वर्षांनी आली. देवळात आलो की सारे एक, असं पाळक सांगत. पण वरची आळी बाकांवर बसे आणि खालची सतरंजीवर, आणि बाकांवरून चांदीचा प्याला फिरे, सतरंजीवरून पितळेचा. माणसं वाढली, एक प्याला पुरेना, म्हणून दुसरा आणला, असं कारण होतं. मीही लहानपणापासून तेच ऐकलं होतं आणि मला ते खरं वाटे. मग पटकीच्या साथीत एका रविवारी देवळात मोजकी माणसं आली, तरी दोन्ही प्याले भरले गेले. त्या संध्याकाळी दावजीबुवा माझ्या दारात येऊन उभे राहिले. आत या म्हटलं तर येईनात.

“मास्तर,” ते म्हणाले, “आज कुठं वाढली व्हती माणसं?”

मला उत्तर देता आलं नाही. आजवर मी जे काही केलं ते बहुतेक उत्तर न देता आल्यामुळेच केलं. मी कागद घेतला. ते बोलत गेले, मी लिहीत गेलो, आणि नगरच्या एका छापखान्यातून पत्रकं छापून आणली. मी त्यात शास्त्रातली पुष्कळ वचनं घातली होती. ती कुणाच्या लक्षात राहिली नाहीत. लोकांच्या तोंडी बसलं ते दावजीबुवांचं एकच वाक्य. “प्रभूने दगा देणाऱ्या यहूदालाही त्याच प्याल्यातून दिले. आम्ही यहूदाहून वाईट आहोत काय?”

बंदीनंतर मिशनच्या शाळेनं मला घरी बसवलं. घरात आई बंदी अक्षरशः पाळत होती. आमच्याकडे उठल्यावर आधी “सलाम, आई” आणि “सलाम, बाळ” व्हायचं, मग चूळ. ते थांबलं. ती चुलीकडे तोंड करून बोलायची.

“कुणाला भाकरी हवी असेल तर टोपलीत आहे.”

मी म्हणायचो, “आई, तू माझ्याशीच बोलतेयस.”

“चुले, कालवण आज खारट झालंय गं,” ती म्हणायची.

एकदा मला हसू आलं. तिला आलं नाही. वडील देवळामागच्या आवारात चिंचेखाली होते आणि त्यांच्या शेजारची जागा तिनं पंचांना सांगून राखून ठेवली होती. दर शनिवारी जाऊन ती तिथलं गवत उपटून यायची. तिला कशाची भीती होती ते मला कळत होतं, म्हणून मी तिला जास्त बोललो नाही.

त्याच आवारात, भिंतीच्या कडेला, दावजीबुवांची मुलगी रिबका होती. न्हातीधुती झालेली पोर तापानं गेली. सारूबाई दर शनिवारी तांब्याभर पाणी नेऊन तिथल्या सब्जाला घालायच्या. आई आणि त्या एकाच वेळी आवारात असत, पण सलामापलीकडे दोघींचं बोलणं नव्हतं. बंदीनंतर सारूबाईंना फाटकातून आत सोडेनात. तशात त्यांनी अंथरूण धरलं. पोटातलं जुनं दुखणं होतं, ते उसळलं. नगरच्या डॉक्टरांनी हात लावून पाहिलं आणि घरी न्यायला सांगितलं.

बंदी असलेल्यांनी एकमेकांशी बोलायला हरकत नव्हती. मी त्यांच्याकडे गेलो. सारूबाई भिंतीकडच्या गोधडीवर होत्या, आणि दावजीबुवा डफाची पट्टी उगाच आवळत बसले होते.

“मास्तर, बसा,” सारूबाई म्हणाल्या. “तुमचा कागद लई चांगला व्हता म्हणं.”

“बुवांचाच होता तो.”

“आसंल. पर कागदाला पुरायला जागा लागत न्हाई, मास्तर. मला लागंल.”

दावजीबुवांनी डफ खाली ठेवला.

“सारू, गप ऱ्हा.”

“गपच व्हणार हाय. त्याआधी बोलती.” त्या माझ्याकडे वळल्या. “मला रिबकाजवळ जायचंय. दुसरं काय मागत न्हाई. माझं लेकरू तिथं एकलं हाय. म्या तिला म्हणलं व्हतं, तू हो म्होरं, म्या आलेच.”

मग दावजीबुवांनी सांगितलं. ते आदल्या दिवशी पाळकांकडे जाऊन आले होते. दोघांनी मिळून मेजासमोर उभं राहायचं, माझं चुकलं म्हणायचं, उरलेली पत्रकं देवळाच्या पायरीवर स्वतःच्या हातानं जाळायची, म्हणजे तिन्ही बंद्या उठतील. पत्रकावर नावं दोन, म्हणून उभंही दोघांनीच राहायचं. एकट्याचं चालणार नाही.

“तुमी नगं म्हणलात तर म्या काय म्हणणार न्हाई,” दावजीबुवा म्हणाले. “तुमाला कुणाला पुरायचं न्हाई आज.”

मी घरी जाऊन विचार करतो म्हणालो असतो तर बरं दिसलं असतं. पण सारूबाई बघत होत्या. मी मान हलवली.

“कागद काय, मास्तर,” दावजीबुवा आळीच्या तोंडापर्यंत सोडायला आले तेव्हा म्हणाले, “परत लिहिता यील. ती परत मरायची न्हाई.”

महिन्याचा पहिला, प्रभुभोजनाचा रविवार आला. नगरहून मिशनचे मोठे साहेब मुद्दाम आले होते. पायरीवर पत्रकांची चळत ठेवलेली. रस्त्यावर गावातली इतर माणसंही जमली होती. ख्रिस्ती लोक आपल्याच माणसांना काय करतात हे बघायला कुणाला नको असतं? माझ्या हातातल्या काड्या एकामागून एक विझत होत्या.

“द्या हिकडं,” दावजीबुवा म्हणाले. “तुमाला लिवता येतं, पेटवता येत न्हाई.”

त्यांनी पेटवलं. कागद चांगला होता, लगेच धरला. मी राखेकडे बघत राहिलो तसे शिमोनराव म्हणाले, “चला आत. उपासनेला उशीर होतोय.”

साहेबांना दोघंही एकदम दिसावेत म्हणून पाळकांनी आम्हाला मेजासमोर खांद्याला खांदा लावून उभं केलं. मी म्हणालो, “माझं चुकलं.” माझा आवाज पहिल्या बाकापर्यंतही गेला नसेल. माझ्यानंतर दावजीबुवा म्हणाले तेव्हा मात्र तो पार रस्त्यापर्यंत गेला. चाळीस भजनं गाणारा गळा तो. साहेबांनी मान डोलावली. पाळकांनी आमच्या डोक्यांवर हात ठेवले आणि बंद्या उठल्याचं सांगितलं. बायकांच्या बाजूला आई बसली होती, तिनं डोळ्याला पदर लावला.

आता पुढचं मला नीट सांगता आलं पाहिजे.

मंडळीत परत घेतलेल्या माणसाला त्या दिवशी मेजाचा पहिला मान असे. तो परका राहिलेला नाही हे सगळ्यांना दिसावं म्हणून तो आधी पिई, मग बाकीचे त्याच्या मागून. आणि आमच्याकडे प्याला पाळक फक्त पहिल्याच्या हातात देत. पुढे तो ज्यानं त्यानं प्यायचा आणि शेजारच्याच्या हातात द्यायचा. पिढ्यान्पिढ्या असंच चाललं होतं. पण आजवर बंदीतून परत घेतलेले सगळे वरच्या आळीतले होते. खालच्या आळीतला कुणी बंदीत गेला की तो गावच सोडून जाई. त्यामुळे परत घेण्याचा प्रसंग आणि दोन प्याले या दोन गोष्टी एकत्र आल्याच नव्हत्या. पाळकांच्या डोक्यात त्या दिवशी साहेब होते. शिमोनरावांच्या डोक्यातही साहेबच असावेत.

भाकर झाली. पाळकांनी चांदीचा प्याला उचलला आणि माझ्या हातात दिला.

मी प्यालो. मग तो शेजारच्याला दिला. शेजारी दावजीबुवा होते.

मी तो मुद्दाम दिला, की हाताला सवय होती म्हणून गेला? इतकी वर्षं मी या एकाच प्रश्नाभोवती फिरतोय. कधी वाटतं, आयुष्यात एकदाच मी काहीतरी धीटपणे केलं. कधी वाटतं, मी काहीच केलं नाही, हातानंच केलं. दावजीबुवांनी प्याला घेतला. क्षणभर त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग दोन्ही हातांनी धरून ते प्याले, मिशी पुसली, आणि पहिल्या बाकावरच्या शिमोनरावांपुढे प्याला धरला.

शिमोनरावांनी तो घेतला. न घेऊन करतात काय? तो हातात धरून ते बसून राहिले. पितळेचा प्याला मेजावर भरून तसाच होता.

“पाळकसाहेब,” शिमोनराव शेवटी म्हणाले, “यात माशी पडलीय.”

मी बाकापासून हातभरावर होतो. प्याल्यात माशी नव्हती.

साहेबांना ते खरंच वाटलं. त्यांनी खिशातून रुमाल काढून मेजावर फडकवला. आढाव पाळकांचे हात एकमेकांतून सुटले. ते पुढे आले, त्यांनी प्याला घेतला, आत पाहिलं, बराच वेळ पाहिलं, आणि बाजूच्या खोलीत गेले. आम्हा सगळ्यांना माठावरचं झाकण काढल्याचा आवाज आला. मग पाणी ओतल्याचा. मग परत एकदा ओतल्याचा.

ते प्याला पुसत बाहेर आले आणि बाटलीतून नवा द्राक्षरस त्यात ओतू लागले.

“पाळकसाहेब,” दावजीबुवा म्हणाले. त्यांचा आवाज अगदी साधा होता, भाव विचारावा तसा. “माशी न्हवती त्यात. म्या पडलो व्हतो.”

“बुवा, बसून घ्या. सगळं मिटलंय आता.”

“मिटलंय खरं. मघाशी म्या म्हणलो ना, माझं चुकलं? तेवढं चुकलं.”

“दावजी!” पाळकांचा चेहरा उतरला होता. ते खालच्या आवाजात, जवळजवळ विनवल्यासारखे म्हणाले, “घरी सारूबाई तशा आहेत. विचार कर. मी काय करू? हे बाक रिकामे झाले तर मंडळी उरते का?”

दावजीबुवांनी बाकांकडे पाहिलं, मग सतरंजीकडे. मला वाटलं, ते बसतील. बसावेत असंही वाटलं, हे खोटं कशाला बोलू. मग ते वळले आणि सतरंजीवरच्या आपल्या माणसांमधून वाट काढत चालत गेले. त्यांच्यासाठी पाय आखडून घेण्यापलीकडे कुणी हललं नाही. मी त्यांच्या मागोमाग बाहेर पडलो.

घरी सारूबाई दाराकडे तोंड करून वाट बघत होत्या.

“झालं?”

दावजीबुवा त्यांच्या उशाशी बसले आणि त्यांनी सगळं सांगितलं. बंद्या परत लागल्या तेही लपवलं नाही. मला वाटत होतं, त्यांनी खोटं सांगावं, झालं म्हणावं, निदान एवढ्या एका माणसापुरतं. पण ते तसे नव्हते. सारूबाईंनी सगळं ऐकून घेतलं.

“चांदीच्या प्याल्यातून प्यालात?”

“व्हय.”

“आणि माझी जागा त्यात घालवलीत.”

“सारू, त्यांनी माझ्यासमोर धुतला गं तो.”

“धुवंना का. धुतल्यानं तुमी थोडंच झिजणार व्हता?” त्यांनी भिंतीकडे तोंड केलं. “मला लेकीजवळ जायचं व्हतं.”

त्यानंतर त्या जेवढ्या जगल्या तेवढ्यात नवऱ्याशी एक शब्द बोलल्या नाहीत. पाणी माझ्याकडे मागत, मी नसलो तर मागत नसत. दावजीबुवा मला म्हणाले, “पंचांनी सलाम बंद केला तवा काय वाटलं न्हाई, मास्तर. हिनं केला.” मग ते तांब्या उचलून पाण्याला गेले.

गुरुवारी पहाटे त्या गेल्या.

प्रवरेच्या काठाला, गायरानाच्या टोकाशी एक बाभूळ होती. तिच्या बुडाशी आम्ही दोघांनी खड्डा खणला. माझ्या हातांना फोड आले. खालच्या आळीतले चार जण उजाडता उजाडता मयत तिथवर पोचवून, मान खाली घालून परत गेले होते. त्यांनाही आयाबाप होते, आवारात. प्रार्थना मीच म्हटली. मध्ये दोनदा अडलो.

दावजीबुवांनी मूठभर माती उचलली, पण टाकली नाही. मूठ तशीच मिटून ते उभे राहिले. रागावलेल्या माणसावर माती टाकायची कशी, असं काहीतरी त्यांच्या मनात असावं.

तेवढ्यात गायरानातून कुणी येताना दिसलं. आई होती. अनवाणी, भरभर चालत, पदराचा ओचा दोन्ही हातांनी पोटाशी धरलेला. दिवसाउजेडी, अख्ख्या वरच्या आळीसमोरून ती चालत आली होती.

ती खड्ड्याच्या काठावर थांबली. धाप लागली होती.

“सलाम, सारूबाई,” ती म्हणाली. मग दावजीबुवांकडे वळून, “सलाम, बुवा.”

“मार्थाबाई, तुमी कशाला आलात? तुमची जागा जाईल.”

“गेली,” आई म्हणाली. “फाटकाशी शिमोनराव उभे होते. त्यांनी बघितलं मला.”

तिनं ओचा सोडला. काळी, ओलसर माती होती ती. काठावरच्या पांढुरक्या मातीत वेगळी दिसत होती. तिच्यात सब्जाची मुळं होती, पाल्यासकट.

“रिबकाच्या उशाची आहे,” आई म्हणाली. “हिला जाता आलं नाही, म्हणून.”

आईनं ती माती एकदम टाकली नाही. वाकून, हात जाईल तेवढा खाली नेऊन, थोडी थोडी सोडली. मग दावजीबुवांनी आपली मूठ उघडली.

परतताना गावाजवळ आल्यावर मी विचारलं, “आई, तुझी जागा...?”

“तू बाहेर गेलास. मग तो प्याला आमच्या बाजूला आला,” ती म्हणाली. “सगळ्या प्याल्या, मीही प्याले. नुसतं पाणी लागलं रे तोंडाला. नवा रस होता, तरी पाणीच लागलं. चार रात्री झाल्या, ते तोंडातून जात नाही.” मग जरा थांबून, “घरी चल. भाकरी टाकायची राहिलीय.” हे तिनं माझ्याकडे बघून म्हटलं.

दावजीबुवा त्या वर्षाअखेरीस डफ घेऊन कुठंतरी निघून गेले, ते परत आले नाहीत. मला पुढे लोकलबोर्डाच्या शाळेत नोकरी मिळाली. आई बरीच वर्षं जगली. पंचांनी तिला दोनदा निरोप धाडला, एकदाच माझं चुकलं म्हणा, जागा अजून मोकळी आहे. तिनं निरोप घेऊन आलेल्याला चहा पाजला आणि परत पाठवलं. ती जागा पुढे शिमोनरावांच्या भावाला गेली.

देवळातले दोन्ही प्याले आता नाहीत. आता तबकातून काचेचे लहान लहान पेले येतात, ज्याचा त्याला. कुणाला कुणाच्या मागून प्यावं लागत नाही. आरोग्याला बरं असतं म्हणतात. असेल. मी पत्रक लिहिलं त्यानं काय झालं, असं कुणी विचारलं तर मला अजूनही उत्तर देता येत नाही.

आई गेली तेव्हा तिला बाभळीखाली, सारूबाईंच्या शेजारी ठेवलं. आदल्या संध्याकाळी मी आवारात जाऊन वडिलांच्या उशाची माती काढून आणली. मला कुणी अडवलं नाही. माझ्याजवळ खिशातला रुमाल होता, त्यातून आणली. रुमालात फारशी मावली नाही.